एक आवाज, चार चेहरे: फेरुच्चो आमेंदोलाचं काम समजून घेताना

१९९५ सालच्या ‘हीट’ या अमेरिकी चित्रपटात रॉबर्ट डि नीरो आणि अल पचिनो एका कॉफी शॉपच्या टेबलाशी समोरासमोर बसतात. एक दरोडेखोर, दुसरा त्याच्या मागावरचा पोलीस. जगभरचे प्रेक्षक या प्रसंगाची वाट बघत होते. इटलीत डबिंग करणाऱ्यांसाठी मात्र हा प्रसंग म्हणजे पेच होता, कारण तिथला प्रेक्षक या दोघांनाही वर्षानुवर्षं एकाच माणसाच्या आवाजात ऐकत आला होता. तोच आवाज दोघांना दिला असता, तर पडद्यावर दोन माणसं दिसली असती आणि कानावर एकाचंच स्वगत पडलं असतं. डि नीरो जुन्या आवाजाकडेच राहिला. पचिनोचे संवाद जानकार्लो जानीनी या नामवंत नटानं म्हटले. पचिनोच्या काही चित्रपटांना तो आधीपासून आवाज देत होताच.

तो जुना आवाज फेरुच्चो आमेंदोलाचा. डि नीरो, पचिनो, डस्टिन हॉफमन आणि सिल्व्हेस्टर स्टॅलोन या चौघांचे गाजलेले चित्रपट इटालियन माणसानं ऐकले ते प्रामुख्यानं याच गळ्यातून. आपल्याकडे अशा माणसाला ‘डबिंग आर्टिस्ट’ म्हणून मोकळं होतात. पण आमेंदोला आधी नट होता आणि शेवटपर्यंत नटच राहिला. त्याचं काम कळायचं असेल तर इटलीतलं डबिंग कसं चालतं, हे आधी बघायला हवं.

सुरुवात राजकारणातून झाली. १९३० साली मुसोलिनीच्या सरकारनं परभाषेतले संवाद असलेले चित्रपट दाखवायला बंदी घातली. मग काही काळ विचित्र प्रकार चालला. बोलपटातले संवाद काढून टाकायचे, संगीत आणि आवाज ठेवायचे आणि मध्ये मध्ये लिहिलेल्या पाट्या घालायच्या. चित्रपट बघायचा की वाचत बसायचा, हा प्रश्नच होता. शिवाय त्या वेळी देशातला साधारण पाचातला एक माणूस निरक्षर होता. काही अमेरिकी कंपन्या हॉलिवूडमध्ये किंवा पॅरिसजवळ इटालियन संवाद भरून आणत, पण तिथे स्थायिक झालेल्या इटालियन लोकांचे उच्चार मायदेशातल्या प्रेक्षकाला हास्यास्पद वाटत. १९३२ मध्ये रोमला चिनेस-पित्तालुगा कंपनीनं स्वतःचा डबिंग स्टुडिओ सुरू केला, आणि १९३३ च्या कायद्यानं परदेशी चित्रपटांचं डबिंग इटलीतच व्हायला हवं असं ठरवून टाकलं. सत्ता गेली, पण सवय राहिली.

युद्धानंतर या सवयीला आणखी बळ मिळालं, कारण इटालियन दिग्दर्शकसुद्धा चित्रीकरणाच्या वेळचा आवाज वापरत नसत. आधी दृश्य टिपायचं, संवाद नंतर स्टुडिओत भरायचे. मग ज्याचा चेहरा त्याचाच आवाज कशाला हवा? बड स्पेन्सर आणि टेरेन्स हिल ही हाणामारीची लाडकी जोडी खरं तर कार्लो पेदेरसोली आणि मारिओ जिरोत्ती, दोघंही अस्सल इटालियन. तरीही त्यांच्या गाजलेल्या चित्रपटांत आवाज आहेत ग्लाउको ओनोरातो आणि पीनो लोक्की यांचे. मराठी वाचकाला यात नवल वाटायचं कारण नाही. लताबाईंचा आवाज मधुबालेच्या ओठी ऐकला आणि माधुरीच्याही, तेव्हा आपण कुणी फसवणूक झाली म्हटलं नाही. फरक इतकाच, की आपण गाण्यापुरतं जे मान्य केलं, ते इटलीनं बोलण्यासाठीही केलं.

आमेंदोला जन्मला २२ जुलै १९३० रोजी तोरिनोमध्ये. आईवडील दोघंही रंगभूमीवरचे नट, काका मारिओ आमेंदोला पुढे चित्रपटांचा पटकथाकार आणि दिग्दर्शक. १९४३ च्या ‘जान बुर्रास्का’ या चित्रपटात पोरवयातच तो पडद्यावर दिसला. १९४५ मध्ये रोबेर्तो रोस्सेलिनीच्या ‘रोमा चित्ता आपेर्ता’मधल्या लहान मुलाला, म्हणजे व्हितो आन्निक्यारिकोला, आवाज दिला तो पंधरा वर्षांच्या आमेंदोलानं. या चित्रपटाचे संवादही नंतरच भरलेले आहेत. पुढे छोट्यामोठ्या भूमिका होत राहिल्या. १९५९ च्या मारिओ मोनिचेल्लीच्या ‘ला ग्रान्दे गुएर्रा’मध्ये तो सैनिकांच्या तुकडीत दिसतो. पण नायक होण्याजोगा चेहरा नव्हता, आणि आवाजही त्या काळच्या मापात बसणारा नव्हता.

हे माप समजून घ्यायला हवं. पन्नास-साठच्या दशकात इटालियन डबिंगमध्ये एमिलिओ चिगोली आणि जुझेप्पे रिनाल्दी यांच्यासारख्यांचं राज्य होतं. चिगोली म्हणजे जॉन वेन आणि ग्रेगरी पेक, रिनाल्दी म्हणजे पॉल न्यूमन आणि मार्लन ब्रँडो. भरदार, घोटीव आवाज, कुठल्याही गावाचा वास न येणारी शुद्ध भाषा, प्रत्येक शब्द सुटा. देखण्या, रुंद खांद्यांच्या नायकांना तो शोभायचा. साठच्या दशकाच्या अखेरीस हॉलिवूडमध्ये वेगळेच चेहरे आले: बुटके, नाकेले, न्यूयॉर्कच्या गल्लीतले, वाक्य अर्धवट गिळणारे. १९६९ च्या ‘मिडनाइट काउबॉय’मध्ये हॉफमननं साकारलेला लंगडणारा, खोकणारा भुरटा रात्सो आठवा. त्याच्या तोंडी चिगोलीचा आवाज घातला असता तर भिकाऱ्याच्या अंगावर शेरवानी चढवल्यासारखं झालं असतं. तिथे आमेंदोला हवा होता. त्याचा आवाज किंचित घोगरा, वापरून झिजलेला, वरच्या पट्टीत गेला की चिरकणारा. आधीच्या पिढीत जे उणं मानलं गेलं असतं, त्यावरच आता काम मिळू लागलं.

वयाचा हिशेबही बघण्यासारखा आहे. आमेंदोला हॉफमनपेक्षा ७ वर्षांनी मोठा, पचिनोपेक्षा १०, डि नीरोपेक्षा १३ आणि स्टॅलोनपेक्षा १६ वर्षांनी. ‘टॅक्सी ड्रायव्हर’ आला तेव्हा पडद्यावरचा डि नीरो बत्तिशीतला आणि गळा पंचेचाळिशीतला होता. त्यामुळे या तरुण नटांच्या इटालियन बोलण्यात मुळापेक्षा थोडा अधिक शीण आहे. मला तो त्या भूमिकांना शोभून दिसतो. मूळ आवाजाचे चाहते हे मान्य करणार नाहीत.

काम कसं चालतं

परदेशी वितरकाकडून तीन गोष्टी येतात: चित्र, संवादांची संपूर्ण यादी, आणि ज्यात बोलणं वगळून संगीत, पावलं, दारं, कपड्यांची सळसळ एवढंच आहे असा वेगळा ध्वनिपट्टा. इटलीत त्याला ‘आंतरराष्ट्रीय पट्टा’ म्हणतात. तो अपुरा असेल, म्हणजे संवाद काढताना त्याखालची पावलंही गेली असतील, तर पावलांचे आवाज नव्यानं करून घ्यावे लागतात. हे राहून गेलं की माणूस हवेत चालल्यासारखा वाटतो. बऱ्याच प्रेक्षकांना नेमकं काय चुकलंय ते सांगता येत नाही, फक्त दृश्य खोटं वाटतं.

मग काम ‘आदात्तातोरे’कडे जातं. हा नुसता भाषांतरकार नव्हे. अर्थ आणायचा, आणि वर तो समोरच्या ओठांत बसवायचा. त्याच्या संहितेत खुणा असतात: छोट्या थांब्याला तिरपी रेघ, मोठ्या थांब्याला दोन, बोलणारा चौकटीबाहेर असेल तर एक खूण, पाठमोरा असेल तर दुसरी. या खुणा फार उपयोगाच्या. पाठमोऱ्या माणसाचे ओठ दिसत नाहीत, म्हणून जे वाक्य समोरून बसत नाही त्यातला उरलेला अर्थ चतुर आदात्तातोरे पाठमोऱ्या वाक्यात सरकवतो.

डबिंगचा दिग्दर्शक आवाज निवडतो. नवा नट असेल तर चाचणी होते. ज्याचा आवाज ठरून गेलाय त्याच्यासाठी सहसा होत नाही. त्यानंतर सहायक संपूर्ण चित्रपटाचे छोटे तुकडे पाडतो. अशा एका तुकड्याला ‘आनेल्लो’, म्हणजे अंगठी, म्हणतात. पूर्वी फिल्मचा तुकडा खरोखरच दोन्ही टोकं जोडून गोल केलेला असे आणि प्रक्षेपकावर पुन्हा पुन्हा फिरत राही. फिल्म गेली, शब्द टिकला. कामाची पाळी तीन तासांची असते आणि स्टुडिओचा वेळ वाचवायला एका नटाचे आनेल्लो एकत्र केले जातात. त्यामुळे मरणाचा प्रसंग सकाळी आणि पहिल्या भेटीचा दुपारी, असंही होतं. कोणत्या क्षणी पात्र किती दमलंय, किती चिडलंय, हे दिग्दर्शकानं लक्षात ठेवायचं आणि नटाला सांगायचं. ते चुकलं की पात्राचा राग एका वाक्यात चढतो आणि पुढच्यात कारण नसताना उतरतो.

आता नट अंधाऱ्या खोलीत ‘लेज्जीओ’समोर, म्हणजे कागद ठेवायच्या उभ्या स्टँडसमोर, उभा राहतो. माइक साधारण हातभर अंतरावर. त्याहून जवळ घेतला की आवाज कानात कुजबुजल्यासारखा येतो आणि पडद्यावर दहा फुटांवर उभ्या असलेल्या माणसाचा वाटत नाही. तुकडा आधी मूळ आवाजात बघायचा, मग एक-दोनदा पुटपुटत म्हणून बघायचा, मग घ्यायचा. सळसळणारे कपडे, कडी, घड्याळ नको. बोलताना पान उलटायचं नाही. मारामारी असेल तर पोटाचे स्नायू आवळून तो जोर आणायचा, पण माइकसमोरून तोंड हलू द्यायचं नाही. इथे नवखे नेमके चुकतात: वाक्यावर नजर खिळते, पडदा सुटतो. जुने लोक वाक्य आधीच डोक्यात घेतात आणि बोलताना समोरच्या नटाच्या डोळ्यांकडे बघतात. ओठांकडे बघून बोललं की नेहमी उशीर होतो. डोळे आणि छाती बघितली तर श्वास कधी येणार ते आधीच कळतं.

श्वास हा या कामातला मुख्य भाग आहे. पडद्यावरचा माणूस ज्या क्षणी श्वास घेतो त्याच क्षणी तुम्हीही घ्यायचा, आणि तो ऐकू यायला हवा. शब्द बरोबर पडले पण श्वास दुसरीकडे पडला, तर आवाज चेहऱ्यावर चिकटवल्यासारखा वाटतो.

वेळेचं गणितही सांगण्यासारखं आहे. चित्रपटात सेकंदाला २४ चौकटी, म्हणजे एक चौकट साधारण ४२ मिलिसेकंदांची. दूरचित्रवाणीसाठीच्या आंतरराष्ट्रीय शिफारशींनुसार आवाज चित्राच्या ४५ मिलिसेकंद आधी आला तर लक्षात येतो. उशिरा आला तर मात्र १२५ मिलिसेकंदांपर्यंत खपून जातो. कारण सोपं आहे: निसर्गात प्रकाश आधी पोचतो आणि आवाज मागून. धोब्यानं घाटावर कपडा आपटलेला दिसतो, ‘धप्प’ नंतर ऐकू येतं, आणि त्यात आपल्याला काही चूक वाटत नाही. म्हणून शंका असेल तर वाक्य एक चौकट मागे ढकलतात, पुढे नाही.

पाच अक्षरांची कसोटी

‘टॅक्सी ड्रायव्हर’मध्ये डि नीरो आरशासमोर उभा राहून विचारतो, ‘‘यू टॉकिन टू मी?’’ इटालियनमध्ये शब्दशः म्हणायचं तर ‘‘स्ताई पार्लान्दो कोन मे?’’ व्याकरण चोख, पण पडद्यावर आपटणारं. एक तर मूळ वाक्य पाच अवयवांचं, म्हणजे उच्चाराच्या पाच तुकड्यांचं, हे सहा अवयवांचं. दुसरं म्हणजे ‘पार्लान्दो’मधला ‘प’.

शाळेत वर्णमाला शिकताना प, फ, ब, भ, म हे ओष्ठ्य वर्ण म्हणून आपण पाठ केले होते. डबिंगची निम्मी झुंज याच वर्णांशी असते. जवळून टिपलेल्या चेहऱ्यावर ओठ मिटलेले दिसले आणि कानावर ‘त’ किंवा ‘क’ आला, तर मेंदू लगेच हरकत घेतो. ओठ उघडे असताना ‘प’ आला तरी तेच. बाकीचे वर्ण एकमेकांच्या जागी बऱ्यापैकी चालून जातात, कारण जिभेची हालचाल बाहेरून फारशी दिसत नाही. डि नीरोचे ओठ ‘टॉकिन’ म्हणताना उघडे आहेत आणि ‘मी’ म्हणताना मिटतात.

आमेंदोलाच्या तोंडी आलेलं वाक्य आहे ‘‘मा दीची आ मे?’’ मा, दी, ची, आ, मे: पाच. शेवटी ‘म’ अगदी जागेवर, त्यापुढे ओठ किंचित ताणून उघडणारा स्वर. मधल्या तीन अवयवांत एकही ओष्ठ्य नाही. सुरुवातीच्या ‘मा’चे ओठ मिटतात, ‘यू’चे पुढे येऊन गोल होतात, ते नेमकं जुळत नाही; पण ओठ हलायला सुरुवात होते तो क्षण तोच असल्यामुळे निभावतं. आणि अर्थाच्या बाजूनं फायदाच झाला. ‘मा’ म्हणजे ‘पण’, तरी इथे तो आपल्या ‘अरे’सारखा येतो: ‘‘अरे, मला म्हणतोस?’’ नाक्यावर कुरापत काढणाऱ्याचा सूर. इटलीत हे वाक्य लोकांच्या तोंडी बसलं, ते मूळ इंग्रजी वाक्याचं भाषांतर म्हणून नव्हे, स्वतःच्या पायावर.

दर वेळी असं जुळून येत नाही. इंग्रजी शब्द बरेचदा व्यंजनावर संपतो आणि तोंड मिटतं. इटालियन शब्द बहुधा स्वरावर संपतो आणि तोंड उघडं राहतं. आपल्या ‘घर’, ‘माप’, ‘कप’सारखे तोडून थांबणारे शब्द तिकडे विरळा. शिवाय तोच अर्थ सांगायला इटालियनला सहसा जास्त अवयव लागतात. म्हणून वाक्य छाटावं लागतं, नावं वळवावी लागतात. ‘रॉकी’मधली एड्रियन इटलीत ‘आद्रियाना’ झाली, कारण तिथल्या कानाला एड्रियन हे पुरुषाचं नाव. शेवटी एक उघडा ‘आ’ वाढला, आणि बॉक्सिंगच्या रिंगमधून हाक मारायला तो बराच सोयीचा ठरला. पहिल्या ‘रॉकी’त ती हाक जिजी प्रोयेत्तीनं मारली होती, स्टॅलोन आमेंदोलाकडे आला तो दुसऱ्या भागापासून.

ओठांच्या या सक्तीतून एक दुखणंही जन्मलं. मापात बसतं म्हणून इंग्रजी वळणाचे वाक्प्रयोग पुन्हा पुन्हा वापरले जातात, आणि इटलीत कुणीच बोलत नाही अशी एक डबिंगची भाषा तयार होते. तिला तिथे नावच आहे: ‘दोप्पियाज्जेझे’. पुढे पुढे लोक खरोखरच तसं बोलायला लागतात. हिंदीत डब झालेले चित्रपट ऐकणाऱ्या आपल्यालाही हे दुखणं ओळखीचं आहे.

आमेंदोला त्यातून बऱ्याच अंशी सुटला, कारण त्याच्या जिभेवर रोमची बोली पक्की होती. ती उघडपणे ऐकायची तर तोमास मिलियानचे चित्रपट बघावेत. मिलियान मूळचा क्यूबाचा. १९७६ पासून त्यानं मोन्नेत्सा हा भुरटा चोर आणि निको जिराल्दी हा शिवराळ पोलीस इन्स्पेक्टर रंगवला. ही दोन्ही पात्रं अस्सल रोमन, आणि तो रोमनपणा कानावर येतो तो आमेंदोलाच्या गळ्यातून. अंग एकाचं, बोली दुसऱ्याची, आणि दोन्ही मिळून एक माणूस इतका बेमालूम उभा राहिला की रोमच्या वस्त्यांनी त्याला आपला मानलं. माझ्या मते आमेंदोलाचं हे सर्वांत मोकळं काम आहे. इथे मूळ इंग्रजी उच्चाराचा लगाम नव्हता, त्यामुळे वाक्याच्या शेवटाला झोल देणं, शब्द अर्ध्यात गिळणं, शिवीआधी क्षणभर थांबणं, सगळं त्याला मनासारखं करता आलं.

एकच गळा आणि तरी चार माणसं वेगळी कशी? हे ऐकून ताडून बघता येतं. हॉफमनसाठी तो आवाज नाकात आणि वर नेतो, शब्द घाईत सोडतो. ‘टूटसी’त तर बाईचं सोंग घेतलेल्या हॉफमनसाठी त्याला पुरुषानं ओढूनताणून काढलेला बायकी आवाज काढायचा होता, तो फार सफाईदार झाला असता तर गंमतच गेली असती. डि नीरोला तो छातीत ठेवतो, वाक्यांमध्ये पोकळी सोडतो. ‘सर्पिको’तल्या पचिनोसाठी वाक्य हळू सुरू करून शेवटी फोडतो. स्टॅलोनसाठी जबडा जड ठेवतो, जणू ओठ सुजलेत. रंग तोच, पण बोलण्याचा वेग, थांबे आणि श्वासाची जागा निराळी. बिल कॉस्बीच्या दूरचित्रवाणी मालिकेत तोच माणूस घरगुती, मिश्कील बाप होतो.

ऐंशीच्या दशकात चेहराही ओळखीचा झाला. १९८४ च्या ‘क्वेई त्रेन्तासेई ग्रादीनी’ या मालिकेत लोकांनी त्याला पाहिलं, आणि पुढे आणखी मालिका आल्या. प्रेक्षकाला पहिले काही भाग नक्कीच चमत्कारिक वाटले असणार: डि नीरोच्या आवाजात बोलणारा हा गोल चेहऱ्याचा पोक्त गृहस्थ कोण? बायको रीता साव्हान्योने स्वतः डबिंगमधलं मोठं नाव. मुलगा क्लाउदिओ १९८२ मध्ये मालिकेतून आला आणि पडद्यावरचा नट झाला.

३ सप्टेंबर २००१ रोजी रोममध्ये आमेंदोला गेला. चार नट एका दिवसात मुके झाल्यासारखी स्थिती होती, आणि चौघांना एकच नवा आवाज द्यायचा विचारही करण्यात अर्थ नव्हता. डि नीरो स्तेफानो दे सान्दोकडे गेला, स्टॅलोन मास्सिमो कोर्व्होकडे, हॉफमन जोर्जो लोपेझकडे. पचिनो जानीनीकडेच राहिला. २०१९ च्या ‘द आयरिशमन’मध्ये डि नीरो आणि पचिनो पुन्हा एकत्र बोलत बसतात, आणि तिथे इटालियन प्रेक्षक दे सान्दो आणि जानीनीला ऐकतो.